रताळ्याला त्याच्या कलानं घ्या

किसणीवर रताळं धरलं की चार-दोन फेऱ्यांतच बोटं चिकट होतात. चीक दुधासारखा पांढरा निघतो आणि वारा लागला की काळा पडतो. साबणानं दोनदा हात धुतले तरी नखांच्या कडेला डाग राहतोच. म्हणून किसायला बसण्याआधी मी दोन्ही हातांना थेंबभर शेंगदाण्याचं तेल चोळते. कच्ची केळी सोलताना आई असंच करायची. तेलाच्या हाताला चीक धरत नाही.

आत्ता माझ्यासमोर दोन पातेली आहेत. एकात तीन मध्यम रताळ्यांचा कीस आहे, दुसऱ्यात एका बटाट्याचा. बटाट्याच्या किसाखाली पाच मिनिटांत तांबूस, फेसाळ पाणी साचलंय. रताळ्याचा कीस मात्र मोकळा, जेमतेम ओलसर. दोघंही जमिनीखालचे, दोघंही उपवासाला चालणारे, बाजारात एकाच पाटीवर शेजारी-शेजारी बसणारे. म्हणून आपण दोघांना एकाच मापानं मोजतो आणि तव्यावर फसतो. माझा किसाचा पदार्थ तीनदा बिघडला तेव्हा कुठे हे माझ्या ध्यानात आलं.

माझं माहेर शिरूर तालुक्यातलं, न्हावऱ्याच्या बाजूचं. सासर दौंड तालुक्यात, केडगावजवळ. मधे भीमा. पारगावचा पूल ओलांडला की तालुका बदलतो, आणि माझ्या लहानपणी तर पीकही बदलायचं. नदीच्या या अंगाला मुठेच्या कालव्याचं पाणी, त्यामुळे ऊस आणि गुऱ्हाळं. आमच्या माहेरच्या अंगाला बाजरी, जोंधळा, हुलगा, आणि पाऊस बरा झाला तर थोडा कांदा. वडील ओढ्याकडेच्या वाळूसर तुकड्यात दोन-तीन सऱ्या रताळ्याच्या लावायचे. विकायला नव्हे, घरच्यासाठी आणि भावकीत वाटायला. घटस्थापनेच्या सुमारास वेलाचे हातभर तुकडे सरीवर लावायचे. तुकड्याचा मधला भाग मातीत, दोन्ही टोकं वर. महाशिवरात्रीच्या आधी चार दिवस काढणी. आधी वेल कापून गुरांपुढे टाकायचा, मग वडील कुदळीनं वरंबा फोडायचे आणि आम्ही पोरं मागून मातीत हात घालून चाचपत जायचो. मोठं रताळं हाताला लागलं की ओढायचं नाही, भोवतीची माती मोकळी करायची. ओढलं की मोडतं, आणि मोडलेलं रताळं टिकत नाही. शेजारच्या चुलत्यांनी एकदा काळ्या, चिकण जमिनीत लावून पाहिलं. तिथं मुळं निघाली ती बोटाएवढी, वाकडीतिकडी. रताळ्याला भुसभुशीत, पाणी न धरणारी जमीन लागते.

काढलेली रताळी त्याच दिवशी खायची नाहीत, असा आईचा दंडक होता. आठ-दहा दिवस ती ओसरीच्या कोपऱ्यात पोत्यावर पसरून ठेवायची. आम्हाला धीर नसायचा, पण तिचं बरोबर होतं. काढल्यावर कंदाची साल टणक होते, कापल्या-खरचटल्या जागा भरून येतात आणि आतल्या पिठूळ भागाची हळूहळू साखर होत जाते. थांबलेलं रताळं गोड लागतं ते त्यामुळे. आजकाल लोक बाजारातून आणल्या-आणल्या ते फ्रिजमध्ये ठेवतात. तसं करू नका, अगदी कळकळीनं सांगते. हा उष्ण प्रदेशातला कंद आहे. साधारण १२ अंशांच्या खालची थंडी त्याला सोसत नाही. आतला गाभा कडक होतो आणि कितीही शिजवा, मऊ पडत नाही. कांद्या-बटाट्याच्या टोपलीशेजारी, वारा लागेल अशा जागी ठेवा, एवढंच पुरे.

आता आमच्या भागात रताळ्याच्या सऱ्या फारशा दिसत नाहीत. पाणी आलं, ऊस आला, आणि वडिलांचा तो वाळूसर तुकडाही उसाखाली गेला. पुण्याच्या मार्केट यार्डात आषाढी एकादशीच्या तोंडावर रताळ्यांचे ढीग लागतात. ते येतात करमाळ्याकडून आणि बेळगावकडून. करमाळ्याचं गावरान रताळं लालसर, आकारानं बेताचं आणि गोडीला सरस. बेळगावकडचं मोठं, देखणं, किसायला सोपं. आपल्या एकादशीचा कंद बेळगावच्या लाल मातीतून येतो, याचं मला बरं वाटतं. तिथल्या मराठी घरांतही तो त्याच दिवशी चुलीवर चढत असणार.

पण हा कंद चुलीवर चढतो तो वर्षातून तीन-चारदाच. आषाढी, नवरात्र, महाशिवरात्र, आणि कुणाच्या संकष्टीला आठवलं तर. मी तीस वर्षं आरोग्यसेविका म्हणून या तालुक्यातल्या वाड्यावस्त्या फिरले. तुकोबांची पालखी यवतला मुक्कामी असते तेव्हा आमची ड्यूटी लागायची. वारकऱ्यांच्या पायांचे फोड बांधता-बांधता रात्र व्हायची, आणि मग गावानं रांधलेलं पिठलं-भाकरी पानात पडायचं. यवतचं ते पिठलं सगळ्या वारीत नावाजलेलं. दुसऱ्या दिवशी वरवंड. पुढे एकादशीला पालखी पंढरीत आणि इकडे आमच्या घराघरांत साबुदाण्याचा डोंगर. त्या दिवशी मी ज्या घरात जायची तिथं ताटाच्या कडेला रताळ्याच्या दोन फोडी असायच्याच; गूळ घालून शिजवलेल्या, नाहीतर नुसत्या उकडलेल्या. द्वादशीला विचारलं तर रताळं घरात नसायचं. बटाटा मात्र रोज.

रताळ्याचं नावसुद्धा बटाट्यानंच नेलं. कॅरिबियन बेटांवरचे लोक रताळ्याला ‘बटाटा’ म्हणत. स्पॅनिश आणि पोर्तुगीज खलाशांनी तो कंद आणि ते नाव दोन्ही उचललं. खरा बटाटा दक्षिण अमेरिकेतल्या अँडीज पर्वतातला. त्याला तिकडे ‘पापा’ म्हणतात. पुढे दोन्ही कंद जगभर फिरले, नावांची सरमिसळ झाली, आणि पोर्तुगीजांकडून आपल्याकडे आलेला ‘बटाटा’ हा शब्द शेवटी पापाला चिकटला. रताळ्याला आपण आपला जुना शब्द दिला, लाल कंद या अर्थाच्या ‘रक्तालु’वरून आलेला. कुळं तर दोघांची अगदीच निराळी. बटाटा वांग्या-टोमॅटोच्या घरातला. रताळं गारवेलीच्या घरातलं. भीमेच्या आणि घोडनदीच्या काठानं ती जांभळट-गुलाबी फुलांची बेशरम माजलेली असते ना, ती रताळ्याची सख्खी नातलग. रताळ्याच्या वेलाला फूल आलं तर दोन्ही शेजारी धरून बघा, तोच कर्ण्यासारखा आकार, आत तीच गडद झाक. (बेशरम मात्र विषारी आहे. जनावरंही तिला तोंड लावत नाहीत.)

आणि उपवासाचं म्हणाल, तर रताळं, बटाटा, शेंगदाणा, हिरवी मिरची, राजगिरा आणि साबुदाणा ज्या कंदापासून होतो तो टॅपिओका, हे सगळं मुळात अमेरिका खंडातलं. गेल्या चार-पाचशे वर्षांत इकडे आलेलं. आपल्या आज्या-पणज्यांनी ते नुसतं स्वीकारलं नाही, देवाच्या ताटात मानानं बसवलं. मला त्या बायकांचं फार कौतुक वाटतं.

आता त्या किसाच्या पदार्थाकडे येते. १९८३ साली मी शिक्षणासाठी पुण्यात होते. रास्ता पेठेतल्या एका वाड्यात आम्ही तिघी मुली मिळून खोली घेऊन राहायचो. समोरच्या घरात एक आजी होत्या, बेने इस्राएल ज्यू. आडनाव रायगडातल्या गावावरून पडलेलं, नेसणं नऊवारी, बोलणं आमच्यापेक्षा शुद्ध मराठी. ज्यू म्हणजे कोण हे मला तेव्हा ठाऊक नव्हतं. रास्ता पेठेत त्यांचं सुकथ शेलोमो हे प्रार्थनामंदिर आहे. कॅम्पातलं लाल देऊळ, डेव्हिड ससून यांनी बांधायला घेतलेलं आणि १८६७ साली पुरं झालेलं, ते बगदादी ज्यूंचं, हा फरक मला आजींनीच समजावला. त्यांचे पूर्वज अलिबागजवळ नौगावच्या किनाऱ्याला गलबत फुटून लागले, असं ही मंडळी परंपरेनं सांगतात. कोकणात त्यांनी तेलाचे घाणे चालवले. शनिवारी घाणा बंद ठेवायचे, म्हणून त्यांना शनवार तेली म्हणत.

एका डिसेंबरात संध्याकाळी आजींकडे खिडकीत दिवे लागले. पहिल्या दिवशी एक, दुसऱ्या दिवशी दोन, असे आठ दिवस वाढत जाणारे. हनुक्का हा त्यांचा सण. यरुशलेमचं मंदिर शत्रूच्या हातून परत मिळवलं तेव्हा दिव्याला शुद्ध तेल एका दिवसापुरतंच होतं, ते आठ दिवस पुरलं, अशी त्याची कथा. म्हणून या सणाला तेलात तळलेलं खातात. ‘पण आमच्या घरात हा सण मुळात नव्हता गं,’ आजी म्हणाल्या. त्यांचे पूर्वज त्या घटनेच्या आधीच मायदेशाहून निघाले होते, असं ते मानतात. पुढे कोचीनच्या आणि इतर ठिकाणच्या ज्यूंशी संबंध आला तेव्हा कोकणातल्या मंडळींना हा सण समजला. आजींच्या घरचा खरा मानाचा पदार्थ मलिदा: भिजवलेले पोहे, ओलं खोबरं, साखर, वर फळं. एलियाहू हन्नबी या प्रेषिताच्या नावानं केलेला. त्या सणाला मात्र त्यांनी बटाटा किसून तव्यावर चपटे गोळे तळले होते. इस्राएलहून आलेल्या भाचीनं शिकवलेला पदार्थ. नाव ‘लाटके’.

नाव ऐकून मला वाटलं, लाटत असतील. लाटणं लागतच नाही. पूर्व युरोपातल्या ज्यूंच्या यिद्दिश भाषेतला तो शब्द आहे. तिकडच्या थंडीत गरिबाघरी बटाटाच हाताशी, म्हणून बटाट्याचा कीस, कांदा, अंडं, थोडं पीठ, आणि भरपूर स्निग्धात तळण. आजींनी त्यात आपली हिरवी मिरची, कोथिंबीर, जिरं घातलं होतं. कडा जाळीदार, मधे मऊ. मी तीन खाल्ले आणि कृती विचारून घेतली.

लग्न होऊन केडगावला आल्यावर नवरात्रात मला ते आठवले. उपवास, म्हणून अंडं नाही, कांदा नाही. आणि घरात बटाट्याऐवजी रताळी. मी आजींची कृती जशीच्या तशी रताळ्यावर चालवली. कीस फडक्यात घालून करकचून पिळला, मोठ्या आचेवर तेल कडकडीत तापवलं आणि गोळे सोडले. बाहेरून दोन मिनिटांत काळे, आतून कच्चे, आणि उलटताना झाऱ्यावर निम्मे, तेलात निम्मे. सासूबाईंनी ते सगळं गोळा केलं, कढईत जिरं-मिरची फोडणीला टाकली, दाण्याचं कूट लावलं आणि झक्क कीस करून पानात वाढला. त्या बोलल्या काहीच नाहीत. पुढच्या दोन खेपांनाही जवळपास तेच झालं.

का झालं ते नंतर समजत गेलं. बटाटा किसला की त्याच्यातलं पिठूळ सत्त्व पाण्याबरोबर भराभर बाहेर येतं आणि तेच तव्यावर खळीसारखं काम करून धागे धरून ठेवतं. रताळ्याच्या किसातून पाणी कमी सुटतं आणि त्याला तसा चिकटा नसतो. ते सुटंच राहतं. त्यात मी अंडंही काढून टाकलेलं. दुसरी गोष्ट साखरेची. रताळ्यात साखर बटाट्याच्या कितीतरी पट. कडक तेलात साखर आधी जळणार, गर मागाहून शिजणार. म्हणजे बटाट्याला जी आच मानवते तीच रताळ्याला मारक.

यातूनच आणखी एक गंमत उलगडली. गुऱ्हाळावर चुलवणाच्या राखेत पुरलेलं रताळं इतकं गोड का लागतं आणि घाईनं शिजवलेलं तितकं का नाही? रताळ्यात पिठाची साखर करणारा एक घटक असतो. कंद सावकाश तापत गेला, आतली ऊब साधारण ६० ते ७५ अंशांत बराच वेळ राहिली, की तो आपलं काम मन लावून करतो. चिपाडाच्या विझत्या राखेत नेमकं तेच होतं. कीस करून तव्यावर टाकला की तो पटकन तापतो, त्या घटकाला वेळ मिळत नाही, म्हणून गोडी मर्यादेत राहते. तिखट-आंबट मसाल्याला नेमकी अशीच मर्यादित गोडी हवी. किसाचा हा पदार्थ रताळ्याला शोभतो तो या कारणानं.

आता माझी कृती, जशी मी गेली पंचवीस वर्षं करते तशी. अर्धा किलो रताळी, एक मध्यम बटाटा. माझ्या माहेरच्या शेजारच्या आंबेगाव तालुक्यातल्या सातगाव पठाराचा बटाटा मिळाला तर मी तोच घेते. रताळ्याची साल जाड असेल तरच काढायची, नाहीतर काथ्यानं घासून सालीसकट किसायचं. किसणीची मोठी भोकं वापरायची आणि रताळं लांबीत धरायचं, म्हणजे धागे लांब पडतात. बारीक किसलं तर लगदा होतो.

बटाट्याचा कीस पातळ फडक्यात घट्ट पिळायचा, पण पाणी फेकायचं नाही. पातेलं तसंच दहा मिनिटं न हलवता ठेवायचं. मग वरचं तांबूस पाणी अलगद ओतून द्यायचं. तळाला खडूसारखा पांढराशुभ्र थर बसलेला दिसतो. बोटानं दाबला तर कडक लागतो, बोट फिरवलं तर वाहतो. हे बटाट्याचं सत्त्व. चमच्यानं खरवडून ते रताळ्याच्या किसात घालायचं. अंड्याची जागा ते भरून काढतं. जे पाणी आपण मोरीत ओतून देतो, त्याच्या तळाशीच सगळा पदार्थ बांधणारं सत्त्व असतं.

रताळ्याच्या किसाला अर्धा चमचा मीठ चोळून दहा मिनिटं ठेवायचं आणि मुठीनं हलकेच दाबायचं, बस. मग त्यात पिळलेला बटाटा, ते सत्त्व, दोन मोठे चमचे दाण्याचं जाडसर कूट, दोन मोठे चमचे राजगिऱ्याचं पीठ, जिरं, तीन हिरव्या मिरच्या आणि बोटभर आलं ठेचून, अर्ध्या लिंबाचा रस. हे झालं उपवासाचं. आमच्याकडे उपवासाला कोथिंबीर चालते, माहेरी चालत नाही; तुमच्या घरची रीत पाळा.

रोजच्या खाण्यासाठी मात्र हात सैल सोडा. मी राजगिऱ्याऐवजी निम्मं तांदळाचं आणि निम्मं बाजरीचं पीठ घेते. बाजरीनं कडा खुसखुशीत होतात आणि शिरूरकडची आमची चव येते. एक कांदा उभा, कागदासारखा पातळ चिरून. धने तव्यावर भाजून खलबत्त्यात भरडलेले. पूड नको, दाताखाली दाणा यायला हवा. चिमूटभर ओवा, चमचाभर तीळ, पाव चमचा हळद आणि अर्धा चमचा घरचा काळा मसाला. काळ्या मसाल्यातल्या दगडफुलाचा आणि भाजल्या खोबऱ्याचा वास रताळ्याच्या गोडीशी फार छान जुळतो. साखर तर सोडाच, गूळसुद्धा घालू नका.

एकदा मिसळलं की थांबायचं नाही. मीठ पाणी सोडतच राहतं, पाचव्या मिनिटाला मिश्रण सैल होतं आणि मग माणूस पीठ वाढवत बसतो. पीठ वाढलं की त्याचं थालीपीठ झालं. थालीपीठ वाईट नाही, पण हा पदार्थ वेगळा. यात किसाचा धागा न् धागा दिसला पाहिजे.

बिडाचा तवा सगळ्यात चांगला. एकसारखा तापतो आणि ऊब धरून ठेवतो. तव्यात अर्धा पेर तेल, शेंगदाण्याचं किंवा करडईचं. तेल झालं की नाही हे बघायला त्यात किसाचा एक धागा टाकायचा. क्षणभर दमानं राहून मग बुडबुड्यांत नाचू लागला की बरोबर. टाकताच लाल झाला तर तेल फार तापलंय, गॅस बंद करून वाट बघा. लिंबाएवढा गोळा घेऊन तळव्यावर चपटा करायचा, तेलात अलगद सोडायचा आणि कडा झाऱ्यानं आत लोटायच्या नाहीत. ते सुटे, बाहेर आलेले धागेच तर कुरकुरीत होतात. मध्यमहून कमी आचेवर चार मिनिटं हात लावायचा नाही. ही चार मिनिटं भल्याभल्यांना निघत नाहीत. खालची बाजू धरली गेली नसताना उचकटलं की मोडलंच. कडेला तांबूस रेघ दिसली, तव्यावर गोळा आपसूक सरकू लागला, की उलटायचं. दुसरी बाजू तीन मिनिटं. झाकण नको. काढल्यावर कागदावर एकावर एक रचायचे नाहीत, वाफेनं मऊ पडतात. जाळीवर सुटे ठेवायचे. एवढ्या ऐवजात बारा-चौदा होतात.

बरोबर घट्ट दही, त्यात चिमूटभर मीठ आणि भाजलेलं जिरं. तिकडे परदेशात सफरचंद शिजवून केलेली गोडसर चटणी आणि आंबट साय लावून खातात म्हणे. मी हिवाळ्यात अर्धवट पिकल्या पेरूची कोशिंबीर करते, दही आणि मिरचीची फोडणी घालून. गोड, तिखट, आंबट, तिन्ही चवी एका घासात येतात.

तळणीचं नाव काढलं की आमच्याकडच्या बायका मला टोकतात, ‘सिस्टर, तुम्हीच सांगता ना तेल कमी खा म्हणून?’ सांगते, आणि आजही सांगेन. पण रताळ्याच्या बाबतीत तेलाचं एक काम आहे. नोकरीत मी हजारो लेकरांच्या तोंडात अ जीवनसत्त्वाचा डोस घातला आहे. ९ महिन्यांच्या बाळाला १ लाख युनिटचा पहिला, दीड वर्षाच्या सुमारास २ लाखांचा, आणि पुढे पाच वर्षांचं होईपर्यंत दर ६ महिन्यांनी. रातांधळेपणा आणि डोळ्याचं बुबुळ कोरडं पडणं टळावं म्हणून. नारिंगी गराच्या रताळ्यात बीटा कॅरोटीन भरपूर असतं, ज्याचं शरीर अ जीवनसत्त्व बनवतं, आणि ते अंगी लागायला सोबत तेल-तूप लागतं. आफ्रिकेत या नारिंगी रताळ्याचा प्रसार करून लहान मुलांच्या पोटात अ जीवनसत्त्व पोचवणाऱ्या शास्त्रज्ञांना २०१६ साली जागतिक अन्न पुरस्कार मिळाला. आपल्याकडे तिरुवनंतपुरमच्या कंदपिकं संशोधन संस्थेनं ‘भू सोना’ नावाचं नारिंगी वाण काढलं आहे. आपल्या बाजारातल्या पांढऱ्या गराच्या रताळ्यात मात्र हा गुण नावालाच, हेही स्पष्ट सांगायला हवं. नारिंगी रताळं दौंड-शिरूरच्या बाजारात मला क्वचितच दिसतं. दिसलं की मी दोन किलो घेते आणि अंगणवाडीच्या ताईंना अर्धं देते. कापून दाखवलं की आया गाजर समजतात.

मधुमेहाची माणसं विचारतात, आम्ही खावं का? खा, पण बेतानं आणि जेवणाला जोडून. दोन लाटक्यांबरोबर वाटीभर दही आणि काकडी. एक लक्षात ठेवा, साखर वाढू नये म्हणून जे लोक रताळं भाजून खातात त्यांचा हिशेब उलटा आहे. उकडलेल्यापेक्षा भाजलेलं रताळं रक्तातली साखर जास्त वेगानं चढवतं, कारण मघाशी राखेतल्या रताळ्याचं सांगितलं तेच. आणि दिवसभराच्या उपवासात गोळी घेऊन पोट रिकामं ठेवण्यापेक्षा डॉक्टरांना आधी विचारलेलं बरं. एकादशीच्या दुपारी चक्कर येऊन पडलेली माणसं मी पुष्कळ पाहिली आहेत.

माझी आई आता ८७ वर्षांची आहे, न्हावऱ्याकडे भावापाशी असते. गेल्या महिन्यात डब्यात आठ लाटके घालून पारगावच्या पुलावरून गेले. पोचेपर्यंत कडा मऊ पडल्या होत्या, म्हणून तिच्या चुलीपाशी बसून तवा ठेवला आणि कोरडेच शेकले. तिनं एक हातात घेतला, उजेडाकडे धरून धागे बघितले.

‘किसाचं धपाटं व्हय गं हे?’

मी म्हटलं, तसंच समज. रास्ता पेठेतल्या आजी, दिवे, यरुशलेम, सगळं सांगितलं. ती मधला मऊ भाग खात होती आणि कुरकुरीत कडा मोडून ताटाच्या कडेला ठेवत होती, माझ्यासाठी. दात नाहीत ना आता.

‘रताळी करमाळ्याची दिसत्यात,’ ती म्हणाली. ‘पर लय लवकर खाल्लीस. आठ दिस ओसरीवर टाकायची होतीस.’